ब्रायन मे आणि त्याची घरगुती गिटार: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

क्वीनचा विषय निघाला की पहिला अर्धा तास गायक फ्रेडी मर्क्युरीचा, ते साहजिकच आहे. मग कुणीतरी हळूच विचारतं, "आणि तो उंच, कुरळ्या केसांचा गिटारवाला? तो म्हणे शास्त्रज्ञ आहे?" तिथून पुढचा वेळ माझा. तेच ते प्रश्न इतक्यांदा आले, की शेवटी उत्तरं एकदाची लिहून काढली. क्रम फारसा लावलेला नाही. जिथे बोलण्यासारखं जास्त आहे तिथे जास्त बोललोय, बाकीचं दोन ओळींत उरकलंय.

ब्रायन मे नेमका कोण?

क्वीन या ब्रिटिश रॉक बँडचा लीड गिटारवादक. जन्म १९ जुलै १९४७, लंडनच्या पश्चिमेला हॅम्प्टनमध्ये. आईवडिलांचा एकुलता एक. वडील हॅरोल्ड सरकारी विमान खात्यात ड्राफ्ट्समन होते आणि इलेक्ट्रॉनिक्समध्ये त्यांचा हात पक्का होता. काँकॉर्ड विमान धुक्यातही धावपट्टीवर उतरावं म्हणून जी यंत्रणा तयार झाली, तिच्यावर त्यांनी काम केलं होतं. घरात एक युकुलेले-बँजो होता, मुलाची बोटं आधी त्याच्यावर बसली. सातव्या वाढदिवसाला गिटार मिळाली.

पुढे लंडनच्या इंपीरियल कॉलेजात भौतिकशास्त्र, १९६८ मध्ये पदवी. त्याच वर्षी स्माइल नावाचा बँड. त्यासाठी ड्रमर हवा म्हणून कॉलेजच्या फळ्यावर चिठ्ठी लावली, तिच्यामुळे रॉजर टेलर आला. १९७० मध्ये फ्रेडी आला आणि बँडचं नाव क्वीन झालं, १९७१ मध्ये बेस वाजवायला जॉन डीकन आला. या चौघांत पुढची वीस वर्षं बदल झाला नाही. आणखी एक गोष्ट फार थोड्या बँडबद्दल सांगता येते: चौघांनीही स्वतंत्रपणे हिट गाणी लिहिली.

तो आता 'सर' आहे ना? मग तुम्ही अरे-तुरे का करता?

आहे. २००५ मध्ये सीबीई हा ब्रिटिश सन्मान, २०२३ मध्ये नाइटहूड, म्हणजेच 'सर'. पण आपण सचिनला 'तो' म्हणतो आणि लताला 'ती', त्यात अनादर कुठे असतो? ज्याची कला घरची झाली त्याला अहो-जाहो करायला जीभ वळत नाही.

गिटार त्याने खरंच घरी बनवली?

खरंच. आणि छंद म्हणून बनवलेलं खेळणं नव्हे, तर पहिल्या रेकॉर्डपासून आजपर्यंत जवळजवळ सगळीकडे जी वाजते ती हीच. तिचं नाव रेड स्पेशल.

१९६३ चा ऑगस्ट. ब्रायन सोळा वर्षांचा. दुकानातल्या फेंडर, गिब्सन घरच्या खिशाला परवडणाऱ्या नव्हत्या. बापलेकांनी ठरवलं, आपणच करू. घरातली एक खोली हीच कार्यशाळा, हत्यारं हातानं चालवायची. साधारण दोन वर्षं लागली.

मान, म्हणजे जिच्यावर डाव्या हाताची बोटं फिरतात ती लांब पट्टी, एका जुन्या शेकोटीच्या चौकटीतून निघाली. ओळखीच्या कुणीतरी ती शेकोटी मोडीत काढली होती. शंभर वर्षांहून जुनं महोगनी लाकूड, हाडासारखं वाळलेलं. त्यात किड्यांनी पोखरलेली भोकं होती, ती ब्रायनने काड्यापेटीतल्या काड्या ठोकून बुजवली. अंगासाठी एका जुन्या टेबलाचं ओक आणि साधा ब्लॉकबोर्ड, वरून महोगनीचा पातळ पत्रा. पट्टीवरचे पांढरे ठिपके म्हणजे आईच्या शिवणाच्या डब्यातली शिंपल्याची बटणं. आणि तेही त्याने आपल्या मनाने बसवले: सातव्या घरावर दोन, बाराव्यावर तीन. इतर गिटारींवर असे ठिपके सापडायचे नाहीत.

खरी कारागिरी मात्र ट्रेमोलोत आहे. ट्रेमोलो म्हणजे दांडी दाबली की सगळ्या तारा एकदम सैल पडतात आणि सूर खाली घसरतो. सोडली की सूर जागेवर यायला हवा, आणि त्या काळच्या बऱ्याच गिटारींचं घोडं तिथेच पेंड खायचं. तारा जिथे जिथे घासतात तिथे अडकतात, आणि परत येताना बेसूर होतात. मे बापलेकांनी यावर इंजिनियरसारखा विचार केला. घासणंच काढून टाकायचं. त्यांनी पोलादाच्या तुकड्याला सुरीसारखी धार काढली, तापवून कडक केला, आणि तारांचा मागचा भाग त्या धारेवर तराजूसारखा डोलता ठेवला. तारांच्या ओढीला तोलायला दोन स्प्रिंगा लागतात, त्या १९२८ च्या पँथर मोटारसायकलच्या इंजिनातल्या. पुढे घोडीवर प्रत्येक तारेखाली हाताने केलेलं चाक, म्हणजे तार तिथे घासत नाही, गडगडते. दांडी सायकलच्या पिशवीच्या अडकवणीतून आली, आणि तिचं टोक आईच्या विणायच्या सुईचं.

लोक ही यादी ऐकून हसतात आणि "जुगाड!" म्हणतात. मला तो शब्द इथे पटत नाही. जुगाडात काम भागवायचं असतं. इथे सामान भंगारातलं असलं तरी मोजमाप भंगारातलं नव्हतं. अंग मुद्दाम आतून काही भागात पोकळ ठेवलं, कारण मुलाला फीडबॅक हवा होता. म्हणजे अॅम्पमधून (गिटारचा आवाज मोठा करणाऱ्या यंत्रातून) आलेल्या आवाजाने गिटारचं लाकूड पुन्हा थरथरावं आणि सूर हवेत तरंगत राहावा. बाकीचे जो आवाज टाळायला बघत होते तो या पोराने नकाशात आखून घेतला होता.

तिच्यावर इतकी बटणं कशाला?

सहा छोट्या खटक्यांबद्दल विचारताय. तारांखाली तीन पिकअप आहेत, म्हणजे तारेचं थरथरणं टिपून अॅम्पकडे पाठवणारी चुंबकं, बर्न्स कंपनीचे ट्राय-सॉनिक. आधी त्याने स्वतः बनवलेले लावले होते, पण तार आडवी ओढली की त्यांत नको तो आवाज यायचा, म्हणून ते काढले. प्रत्येक पिकअपला दोन खटके: एक चालू-बंद, दुसरा फेज उलटवण्याचा.

फेज उलटवल्याने काय होतं? दोन पिकअप एकाच तारेचं थरथरणं दोन जागांवरून टिपतात. एकाची लहर उलटी केली की दोघांत जे सारखं आहे ते एकमेकांना मारून टाकतं, आवाजातलं जाड पोट गळून जातं आणि उरतो तो पातळ, नाकातला, टोकदार भाग. 'बोहेमियन ऱ्हॅप्सडी'तला सोलो अशा उलट्या फेजवर वाजवलेला आहे. तो सोलो गर्दीतूनही इतका वेगळा का ऐकू येतो, याचं अर्धं उत्तर त्या खटक्यात आहे. उरलेलं अर्धं खाली सांगतो.

तो खरंच नाण्याने वाजवतो?

हो, सिक्सपेन्स. सहा पेनींचं जुनं ब्रिटिश नाणं. रोजच्या वापरासाठी ते शेवटचं १९६७ मध्ये पाडलं गेलं आणि १९८० मध्ये चलनातून गेलं. त्याच्या १९९३ च्या दौऱ्यासाठी रॉयल मिंटने खास सिक्सपेन्स पाडून दिली.

तारा छेडायचं नेहमीचं प्लास्टिकचं पिक वाकतं. नाणं वाकत नाही, त्यामुळे मऊपणा जो काही आणायचा तो बोटांच्या पकडीतून आणावा लागतो. त्याच्या मते यामुळे तार काय करतेय ते थेट बोटांना कळतं. दुसरी गोष्ट नाण्याच्या कडेवरच्या बारीक दातऱ्यांची. नाणं तारेला समांतर धरलं तर सूर गोल निघतो, किंचित तिरकं केलं की दातरे तारेवरून खरडत जातात आणि सुराच्या आधी एक छोटं 'ख्र' उमटतं. गाण्यात स्वराआधी व्यंजन यावं, तसं. गिटारला 'आ'काराबरोबर 'क' आणि 'ट'ही बोलता यावेत, असा तो प्रकार.

मी हे घरातलं एक कडेला दातरे असलेलं नाणं घेऊन करून पाहिलंय. पहिल्या पाच मिनिटांत 'ख्र' सोडून काहीच आलं नाही, सातव्या मिनिटाला सगळ्यात बारीक तार तुटली. तो फार हलक्या तारा वापरतो आणि नाणं अगदी सैल धरतो, हे मला नंतर कळलं. आधी वाचायला हवं होतं.

म्हणजे तो आवाज फक्त गिटारचा आणि नाण्याचा?

नाही. अॅम्पचा मोठा वाटा आहे, आणि तो शोध रोरी गॅलाघरच्या कृपेने लागला. आयरिश गिटारवादक गॅलाघरचा लंडनच्या मार्की क्लबमधला कार्यक्रम संपल्यावर तरुण ब्रायन तिथेच रेंगाळला आणि त्याला सरळ विचारलं, हा आवाज कसा काढता? त्यानेही हातचं काही न राखता सांगितलं: व्हॉक्सचा एसी३० अॅम्प, आणि मध्ये एक ट्रेबल बूस्टर, म्हणजे वरचे सूर वाढवून अॅम्पला ढकलणारी छोटी डबी. ब्रायनने जुने एसी३० मिळवून आपली गिटार लावून पाहिली आणि आयुष्यभराचा प्रश्न मिटला. आजही मंचावर त्याच्या मागे त्याच अॅम्पची भिंत दिसते.

दुसरा अॅम्प आणखी गमतीचा. जॉन डीकन इलेक्ट्रॉनिक्सचा पदवीधर. त्याला रस्त्यालगतच्या कचऱ्यात कुणीतरी टाकलेला एक सर्किट बोर्ड सापडला. तो त्याने एका छोट्या स्पीकरच्या खोक्यात बसवला आणि नऊ व्होल्टच्या बॅटरीवर चालवला. ना आवाज कमी-जास्त करायचं बटण, ना दुसरं काही. ब्रायनने त्यात गिटार घातली, तर व्हायोलिन, क्लॅरिनेट, ट्रॉम्बोन अशी कसली कसली रूपं बाहेर पडायला लागली. 'डीकी अॅम्प' म्हणून तो आता प्रसिद्ध आहे. शेकोटीतून आलेली गिटार आणि कचऱ्यातून आलेला अॅम्प, आणि वरून रेकॉर्डचं नाव 'अ नाइट अॅट द ऑपेरा'.

रेकॉर्डवर चार-पाच गिटार एकदम वाजतात. बाकीच्या कोण वाजवतं?

तोच. एक ओळ वाजवायची, टेप मागे न्यायची, ती ऐकत दुसरी वाजवायची, मग तिसरी. पण नुसती तीच ओळ वेगळ्या पट्टीत वाजवून भागत नाही. त्याच्या गिटारींच्या ओळी कोरसमधल्या गायकांसारख्या चालतात: एक वर चढली की दुसरी थांबते, तिसरी मागून येऊन तिचा हात धरते. 'गुड कंपनी' या गाण्याच्या शेवटी १९२० च्या धर्तीचा एक अख्खा जॅझ बँड वाजतो, ट्रम्पेट, क्लॅरिनेट, ट्रॉम्बोन, सगळं. त्यातलं प्रत्येक वाद्य म्हणजे रेड स्पेशल आहे. काही जागा त्याने अक्षरशः एकेक सूर सुटा रेकॉर्ड करून जोडल्या.

लोकांना हे खरं वाटायचं नाही. म्हणून सत्तरच्या दशकातल्या क्वीनच्या कव्हरांवर 'यात सिंथेसायझर नाही' अशा अर्थाची ओळ छापलेली असायची. १९८० च्या 'द गेम'वर सिंथेसायझर आला आणि ती ओळ गेली. मला विचाराल तर ओळ गेल्याचं दुःख नाही, पण ज्या हट्टातून ती आली होती तो हट्ट थोडा सैल पडला, हे कानाला जाणवतं.

मंचावर हे कसं करायचं? डिले वापरून. वाजवलेला सूर सेकंदाच्या आसपास थांबून परत येतो, तेवढ्यात तो पुढची ओळ वाजवतो, ती आधीच्या ओळीवर बसते. दोन डिले लावले की तीन ब्रायन एकमेकांच्या मागे धावतात. 'ब्रायटन रॉक'मधला लांबलचक सोलो त्यावरच उभा आहे. एक सूर चुकला तर तो तीनदा चुकलेला ऐकू येतो, हेही लक्षात घ्या.

तो काही फार वेगात वाजवत नाही. मग एवढं कौतुक कशाला?

हा प्रश्न मला आवडतो. सतारवाल्यांत गायकी अंग नावाची गोष्ट आहे: वाद्यावर बोटांची कसरत न दाखवता ते गात असल्यासारखं वाजवणं. रॉकमध्ये गायकी अंगाचा गिटारवादक कोण, असं कुणी विचारलं तर मी ब्रायन मेचं नाव घेईन.

परत 'बोहेमियन ऱ्हॅप्सडी'कडे या. तिथे फ्रेडीच्या कडव्याच्याच कॉर्ड चालू आहेत. बहुतेकांनी तिथे कडव्याची चाल गिटारवर फिरवली असती किंवा जमेल तेवढे सूर ओतले असते. ब्रायनने आधी मनात गाऊन पाहिलेली एक नवी चाल बसवली. गाणाऱ्याला म्हणता येईल अशी चाल. श्वास घ्यायला जागा असलेली. तार ओढून सूर वर नेताना तो घाई करत नाही, मींड घेतल्यासारखा पोचतो, आणि पोचल्यावर सूर हलवतो तोही गळ्यासारखा. जवळजवळ सहा मिनिटांच्या त्या गाण्यात सोलो अर्ध्या मिनिटाच्या आसपास असेल. पण मैफलीत लोक तोसुद्धा तोंडाने म्हणतात. गिटारचा सोलो लोक गातात! वेगाने वाजवणारे शेकडो आहेत, पण हे भाग्य किती जणांचं?

ते पाय आपटून टाळ्या वाजवण्याचं गाणं त्याचंच ना?

'वुई विल रॉक यू', १९७७. हो, त्याचंच. स्टॅफर्डच्या बिंगली हॉलमध्ये कार्यक्रम संपला आणि लोक घरी जाईनात. उलट लोकच बँडला उद्देशून फुटबॉलच्या मैदानावरचं एक गाणं म्हणायला लागले. ब्रायनच्या डोक्यात आलं, इतकी माणसं दाटीवाटीने उभी आहेत, त्यांना एकत्र काय करता येईल? पाय आपटता येतील, टाळी वाजवता येईल, गाता येईल. बस, तेवढंच घेऊन गाणं केलं.

त्यात ड्रम नाहीत. लंडनच्या वेसेक्स स्टुडिओत, ती इमारत मुळात चर्चची, काही जुन्या फळ्या पडल्या होत्या. त्यांच्यावर पाय आपटून ते रेकॉर्ड केलं, पुन्हा पुन्हा. आता मूठभर माणसांची हजारो माणसं कशी करायची? इथे भौतिकशास्त्रवाला जागा झाला. साधा प्रतिध्वनी घातला तर मोठ्या खोलीत थोडी माणसं आहेत असं वाटतं. त्याऐवजी त्याने प्रत्येक ठोका वेगवेगळ्या अंतराने उशिरा ऐकवला, जणू माणसं वेगवेगळ्या लांबीवर उभी आहेत. ती अंतरं मूळ संख्यांच्या हिशेबाने ठेवली, म्हणजे दोन उशीर एकमेकांच्या पटीत येऊन कृत्रिम ताल धरणार नाहीत. कान फसतात. आपण गर्दीच्या मधोमध उभे आहोत असं वाटतं.

आणि लीड गिटारवाल्याने लिहिलेल्या या गाण्यात गिटार अगदी शेवटी येते. आधीचा सगळा वेळ माणूस गप्प बसलाय. एवढा संयम मला तरी जमला नसता.

पीएचडी मानद आहे की खरी?

खरी, घाम गाळून मिळवलेली. विषय आकाशातल्या धुळीचा. सूर्यमालेच्या पातळीत बारीक धूळ पसरलेली असते. अंधाऱ्या जागी संध्याकाळचा संधिप्रकाश ओसरल्यावर पश्चिमेला, किंवा पहाटेआधी पूर्वेला, क्षितिजावरून निमुळता होत गेलेला एक अंधूक उजेड दिसतो. तो या धुळीवरून परतलेला सूर्यप्रकाश, त्याला राशिचक्रीय प्रकाश म्हणतात. ब्रायनचा प्रश्न होता: ही धूळ कोणत्या दिशेने, किती वेगाने फिरते? त्यासाठी त्या उजेडाचा वर्णपट घेऊन एक रेघ किती सरकली ते मोजायचं. जवळ येणाऱ्या गाडीचा भोंगा उंच ऐकू येतो ना, तोच डॉप्लर परिणाम, फक्त प्रकाशाचा. त्याची निरीक्षणं कॅनरी बेटांपैकी टेनेरिफवर उंच डोंगरावरच्या वेधशाळेत झाली. १९७२ मध्ये 'नेचर'मध्ये निबंधही छापून आला.

आणि मग क्वीन चालायला लागलं. १९७४ मध्ये प्रबंध अर्धवट राहिला.

तीस वर्षं उलटल्यावर त्याने तो पुन्हा हातात घेतला. नशीब असं, की मधल्या काळात या विषयात फार कुणी काम केलं नव्हतं, त्यामुळे जुनी निरीक्षणं बाद झाली नव्हती. तरी मधल्या सगळ्या वर्षांचं वाङ्मय वाचून काढावं लागलं. २००७ मध्ये प्रबंध मंजूर झाला, आणि २००८ च्या मे महिन्यात रॉयल अल्बर्ट हॉलमध्ये साठ वर्षांचा हा विद्यार्थी झगा घालून पदवी घ्यायला उभा राहिला. ५२६६५ क्रमांकाच्या लघुग्रहाला त्याचं नाव आहे.

हे विज्ञान गाण्यांतही डोकावतं. १९७५ चं '’३९' ऐकताना लोकगीत वाटतं, पण आहे ती अंतराळप्रवाशांची गोष्ट. ते वर्षभराने परततात, तर पृथ्वीवर शंभर वर्षं होऊन गेलेली असतात. आइन्स्टाइनचा सापेक्षतावाद, गिटारवर.

वडिलांना मुलाचं गिटारवाला होणं पटलं का?

नाही, बराच काळ. ज्या माणसाने स्वतः गिटार बनवायला मदत केली त्यालाच मुलाने तिच्यासाठी पीएचडी सोडलेली सहन होईना. गिटार छंद म्हणून ठीक, पोटापाण्यासाठी नाही, हे वाक्य कुठल्याही घरात ऐकू येईल असं आहे. पुढे ब्रायनने त्यांना काँकॉर्डने न्यूयॉर्कला नेलं, म्हणजे ज्या विमानासाठी त्यांनी काम केलं होतं त्यातून. मॅडिसन स्क्वेअर गार्डनमध्ये भरलेल्या सभागृहापुढे मुलाला पाहिल्यावर त्यांनी हात मिळवला आणि आता कळलं म्हणाले. १९८८ मध्ये हॅरोल्ड गेले.

फ्रेडी पाचगणीला शिकला हे खरं?

खरं. फारुख बलसारा, जन्म झांझिबारचा, शाळा पाचगणीची सेंट पीटर्स. तिथे हेक्टिक्स नावाच्या शाळकरी बँडमध्ये तो पियानो वाजवायचा. त्याचं खरं पान वेगळं व्हायला हवं, इथे एवढंच.

एकदा हात कापायची वेळ आली होती म्हणे?

१९७४ मध्ये क्वीन पहिल्यांदा अमेरिका दौऱ्यावर गेलं. आधी टोचून घेतलेल्या लशीची सुई दूषित निघाली. ब्रायनचा हात चिघळला आणि पाठोपाठ कावीळ. दौरा सोडून परत यावं लागलं. त्यातून उठतो तोच अल्सर. बँडने तिसरी रेकॉर्ड त्याच्याशिवाय सुरू केली, पण गिटारच्या जागा मोकळ्या ठेवल्या. तो बरा होऊन आला आणि त्या जागा भरल्या. आपल्याशिवाय बँड पुढे जाईल ही भीती त्याने पुढे अनेकदा बोलून दाखवली आहे. दुसरा कुणी बदली आणला नाही, यातच चौघांचं नातं कळतं.

क्वीनवर टीका झाली ती कशावरून?

अनेक कारणं, पण एकच खरी गंभीर. १९८४ मध्ये ते दक्षिण आफ्रिकेत सन सिटीला वाजवायला गेले. वर्णद्वेषी राजवट होती, संयुक्त राष्ट्रांचा सांस्कृतिक बहिष्कार होता. ब्रिटनच्या संगीतकारांच्या संघटनेने त्यांना दंड केला. आम्ही राजकारण करत नाही, भेदभाव न करता लोकांसाठी वाजवतो, अशी त्यांची बाजू होती. मला ती तेव्हाही लंगडी वाटली असती, आजही वाटते. पुढच्याच वर्षी, १३ जुलै १९८५ ला, लंडनच्या वेम्बली मैदानात, दुष्काळग्रस्तांसाठी झालेल्या लाइव्ह एड मैफलीतल्या क्वीनच्या एकवीस मिनिटांनी लोक बाकी सगळं विसरले. आपण मात्र दोन्ही लक्षात ठेवू.

फ्रेडी गेल्यावर काय झालं?

२४ नोव्हेंबर १९९१. त्याच सुमारास ब्रायनचं पहिलं लग्नही मोडलं होतं, वडील गेलेले होते. तो नैराश्यात खोल गेला, आणि त्याने ते लपवलं नाही, अमेरिकेत जाऊन उपचार घेतले. फ्रेडीच्या शेवटच्या काळात केलेलं 'द शो मस्ट गो ऑन' मुख्यतः ब्रायनने लिहिलेलं आहे. चाल इतकी उंच, की आजारी फ्रेडीला ती झेपेल का अशी त्याला शंका होती. फ्रेडीने गाऊन दाखवली. पुढे डीकन निवृत्त झाला. पॉल रॉजर्स आणि नंतर अॅडम लँबर्ट या गायकांसोबत ब्रायन आणि रॉजर वाजवत राहिले. ते क्वीन आहे की नाही यावर वाद घालणाऱ्यांना माझा नमस्कार.

राजवाड्याच्या छपरावर वाजवलं ती गोष्ट?

३ जून २००२, राणी एलिझाबेथच्या राज्यारोहणाची पन्नाशी. बकिंगहॅम पॅलेसच्या छपरावर एकटा ब्रायन, वाऱ्यात उडणारे केस, खाली बागेत वाद्यवृंद आणि बाहेर अफाट गर्दी. वाजवायचं राष्ट्रगीत. म्हणजे एकही सूर चुकला तर सगळ्या देशाला कळणार. हातात ती शेकोटीची गिटारच होती. ते चित्रण जरूर पाहा. वाजवून झाल्यावर तो हात वर करतो ना, त्यात विजयापेक्षा सुटकाच जास्त दिसते.

मला तसा आवाज काढायचाय. काय विकत घेऊ?

आधी काहीच नको. सोलो तोंडाने म्हणायला शिका, सुरात, श्वासासकट. मग हलक्या तारा. मग नाणं (सैल धरा!). त्यानंतरही खाज असेल तर ट्रेबल बूस्टर आणि व्हॉक्स. रेड स्पेशलच्या नकला त्याच्याच कंपनीच्या मिळतात आणि चांगल्या असतात. आणि कानांना जपा, त्याला स्वतःला कानात सतत घुं घुं ऐकू येण्याचा त्रास आहे.

सध्या तो काय करतो?

बिज्जू आणि काटेरी हेजहॉगसारख्या छोट्या रानप्राण्यांसाठी भांडतो, दोन डोळ्यांनी बघायची जुनी त्रिमित छायाचित्रं जमवतो. हा छंद थेट नासापर्यंत गेला. बेनू लघुग्रहावर यान उतरवायला सुरक्षित जागा शोधताना त्याने केलेली त्रिमित चित्रं शास्त्रज्ञांच्या कामी आली. २०२० मध्ये हृदयविकाराचा झटका येऊन गेला. २०२४ मध्ये सौम्य पक्षाघात झाला आणि नेमका डावा हात काही काळ हलेना. सूर धरणारा हात. काही दिवसांनी त्याने स्वतःच सांगितलं की आपल्याला पुन्हा गिटार वाजवता येतेय.

मूळ गिटार अजून तीच आहे?

तीच. १९९८ मध्ये ग्रेग फ्रायर या ऑस्ट्रेलियन कारागिराने तिची डागडुजी केली, सोलून निघालेलं पॉलिश, झिजलेल्या कडा. त्याने आधी तिचं इंच न् इंच मोजून तीन हुबेहूब नकला बनवल्या होत्या आणि नवं लाकूड कसं वागतं ते त्यांवर बघून घेतलं होतं. मूळ गिटारीत शक्य तितकं जुनंच राहू दिलं. मानेतल्या भोकांत ठोकलेल्या काड्या अजून तिथेच आहेत.